भोरड्या उठल्या त्या बाजूला

बी.ए.च्या शेवटच्या वर्षी कॉलेजच्या वार्षिक अंकात माझा लेख छापून आला. 'वडगढीची लढाई' हे त्याचं नाव. वडगढी हे आमचं मूळ गाव. देवणीच्या पुढं, कर्नाटकाच्या शिवेला लागून. पोलीस अॅक्शनच्या आधीच्या हिवाळ्यात रझाकारांनी हे गाव घेरलं, दुपारपर्यंत गाव हरल्यात जमा होतं आणि दुपारनंतर गढीवरच्या बंदुकांनी बाजी फिरवली, असं मी त्यात लिहिलं होतं. सगळी माहिती ऐकीव होती, पण भाषा जमली होती. माझे वडील विष्णुपुरीला धरणाच्या कामावर माती वाहतात. त्यांनी तो अंक पंच्यात गुंडाळून कामावर नेला आणि मुकादमापासून सगळ्यांना दाखवला. त्यांना स्वतःला वाचता येत नाही. माझं नाव कुठल्या ओळीत आहे तेवढं त्यांनी विचारून घेतलं होतं आणि तिथंच बोट ठेवून ते दाखवत.

अर्धापूरला माझी थोरली आत्या राहते. गयाआत्या. केळीच्या बागेत कामाला जाते. तिला मी तो लेख वाचून दाखवला. तिनं डोळे मिटून सगळा ऐकला.

"लई चांगलं लिवलंस गं माय," ती म्हणाली. "पण पाखरं कुठं हायत?"

"कसली पाखरं?"

"ज्यांनी लढाई जिंकली ती."

आणि मग, आमच्या घरात आजवर कुणी विचारलं नव्हतं म्हणून तिनं कधी सांगितलं नव्हतं, ते तिनं मला सांगितलं.

त्या हिवाळ्यात आत्या पंधरा-सोळा वर्षांची होती. गढीच्या बाहेर शाळू ज्वारी पुरुषभर उंच उभी होती, कणसं भरलेली. आत्या पाखरं राखायला माळ्यावर असायची. माळा म्हणजे शेतात चार मेढी रोवून वर बांधलेली मचाण. तिच्या शेजारच्या माळ्यावर पिंजाऱ्याची मुलगी हुसेनबी. दोघींच्या हातात गोफण, पायाशी दगडांचा ढीग आणि पाण्याची घागर. रझाकार आले ते वेशीवर आले, म्हणून या दोघी शेतातच अडकल्या आणि माळ्यावर पालथ्या पडून राहिल्या. सकाळभर बंदुका वाजल्या. मग गढीवरच्या बंदुका गप्प झाल्या. दारूगोळा संपला होता. आतून बायकालेकरांना ओढ्याकडं पळवायची तयारी चालली होती. आत्याही उतरून पळणार, तेवढ्यात हुसेनबीनं एक खडा तिच्या माळ्याच्या मेढीवर मारला आणि म्हणाली, "गया, भोरड्या बघ."

भोरड्या म्हणजे हिवाळ्यात थव्याथव्यानं येणारी, गुलाबी अंगाची पाखरं. ती ज्वारीतून उठत होती. थोडी इथं, मग थोडी पुढं, मग आणखी पुढं. एका रेषेत. पाखरं राखणाऱ्या पोरीला याचा अर्थ सांगावा लागत नाही. ज्वारीतून माणसं सरपटत होती आणि ती रेषा गढीच्या मावळतीच्या भिंतीकडं चालली होती. ती भिंत आदल्या पावसाळ्यात ढासळलेली. आणि बुरुजावरचे दोघं-तिघं सोडले तर गावातले सगळे गडी वेशीत!

"मंग?" मी विचारलं.

"मंग काय? पाखरं उठतील त्या बाजूला गोफण," आत्या म्हणाली.

यानंतर महिन्याभरात वडगढीच्या शाळेच्या हेडमास्तरांचं पत्र आलं. गढीजवळ लढाईचा दगड बसवायचा आहे, अकरा नावं कोरून झाली आहेत, वरचा मजकूर येत्या शनिवारी कोरायचा आहे. शेवटी लिहिलं होतं, 'मजकूर आपल्याच लेखाच्या आधारे ठरवला आहे, याचा आपणांस आनंद होईल.'

मला आनंद झाला नाही. कागदावरची चूक खोडता येते. माझी चूक आता दगडावर जाणार होती. अकरा नावांत एकही बाईचं नव्हतं, गावकुसाबाहेरच्या आमच्या वस्तीतलं नव्हतं आणि पिंजाऱ्याच्या घरचंही नव्हतं.

"माझं राहू दे," आत्या म्हणाली. "हुसेनबीचं नाव पाहिजे. चल."

नांदेडहून निघालो

गुरुवारी सकाळच्या गाडीनं निघालो. सामान असं: अर्धापुरी केळीच्या दोन फण्या, फडक्यात धपाटे, अंबाडीच्या वाखाची एक जुडी आणि वडिलांनी दिलेला पाण्याचा डबा, झाकण मेणानं बंद केलेला. "दुष्काळी गावाला पाहुणं जाताना रिकाम्या हातानं जाऊ नये," वडील म्हणाले होते. "हे गोदावरीचं हाय. सांडू नका."

वाख कशाला, ते मला लोहा मागं पडल्यावर कळलं. आत्यानं चप्पल काढली, पायाच्या अंगठ्यात वाख अडकवला आणि चालत्या गाडीत गोफण वळायला बसली. मधे दगड ठेवायची विणलेली वाटी, एका टोकाला बोटात अडकवायचा फासा, दुसऱ्या टोकाला सुटा झुपका. त्याला ती शेंडी म्हणत होती.

कंडक्टर तिकिटं फाडत आला आणि थबकला. "मावशी, फाशी कुणाला देऊन राहिलात?"

"तुला. गाडी येळंवर न्हाई न्हेलीस तर."

"मंग डायवरला द्या की. मी निस्ता घंटी वाजवतो."

कंधारच्या पुढं बाहेर बघवत नव्हतं. काळी रानं भेगाळलेली, बांधावरचे कडुलिंब तेवढे हिरवे. आमच्याकडं अर्धापूरला कालव्याचं पाणी आणि केळी बघून डोळ्यांना सवय झालेली असते, दुष्काळ हा शब्द आम्ही पेपरात वाचतो. इथं एका गावाच्या फाट्यावर टँकरसाठी रांग होती, पण माणसांची नव्हे, घागरींची. माणसं झाडाखाली आणि घागरी उन्हात, एकामागं एक, कुणीही दुसरीच्या पुढं न सरकलेली. एक घागर पिचली होती तर तिच्या जागी वीट ठेवली होती आणि तिचाही नंबर सगळे मानत होते.

मुखेडच्या अलीकडं गाडीचं इंजन तापलं. वाफ सुटली. ड्रायव्हर रिकामा डबा घेऊन जवळच्या वस्तीवर गेला आणि तसाच परत आला. गाडीतले लोक आधी एकमेकांकडं आणि मग हळूहळू आमच्या डब्याकडं बघायला लागले.

"गोदावरीचं पाणी इंजनाला?" आत्या म्हणाली. "पाप लागंल."

"मावशी," कंडक्टर म्हणाला, "तुम्हीच म्हनलात, येळंवर न्हे."

आत्यानं मेण काढलं आणि अर्धा डबा स्वतः ओतला. थेंब बाहेर पडला की ड्रायव्हरला रागे भरत होती. अर्धा डबा उरला. त्यानंतर उदगीरपर्यंत आम्हाला पुढची सीट आणि दोनदा चहा मिळाला.

उदगीर

उदगीरचा किल्ला लांबून दिसला आणि मी उभीच राहिले. शाळेत असताना आमच्या सरांनी स्वतःचा नकाशा मला घरी न्यायला दिला होता. त्यावर मी उदगीर शोधून काढलं होतं, कारण पेशव्यांच्या फौजेनं निजामाला इथं हरवलं हे मी पाठ केलं होतं. ते सर नसते तर मी आज कुठं असते कोण जाणे. मी आत्याला ती लढाई सांगायला लागले. कोण कुठून आलं, तोफा कुठं होत्या.

तिनं सगळं ऐकलं. "ते राजांचं झालं. तुला तिथं कोन दिसलं का, त्या फौजंला भाकरी कुनी थापल्या?"

मला माहीत नव्हतं. पुस्तकात नव्हतं.

एका खानावळीत जेवलो. मालकीण दारातच "बर्री, बर्री, कूड्री" म्हणत बसायला पाट देत होती, पाठोपाठ मराठीत "काय वाढू माय?" आमच्याकडं भाकरी मऊ, तव्यावरून उतरली की दुमडते. इथली कडक, पापडासारखी मोडणारी, महिनाभर टिकणारी. सोबत शेंगदाण्याची चटणी आणि येसराची आमटी. आत्यानं पहिला तुकडा मोडला, त्याचा आवाज ऐकला आणि हसली. गाव सोडल्यावर पस्तीस वर्षांनी ही भाकरी ती खात होती. मी विचारलं, कशी आहे? ती म्हणाली, "दातच बदललेत. भाकर तीच हाय."

पाणी मागितल्यावर मालकिणीनं अर्धा तांब्या दिला आणि समोर उभी राहिली. प्यायल्यावर उरलेलं घोटभर तिनं परत घेऊन दारच्या म्हशीच्या घमेल्यात ओतलं. घरी आपण उष्टं पाणी मोरीत फेकतो, याची मला लाज वाटली.

वडगढी

दुसऱ्या दिवशी देवणीपर्यंत गाडी आणि पुढं दोन कोस बैलगाडी. बैल देवणी जातीचे, पांढऱ्यावर काळे ठिपके, कपाळ रुंद, पण बरगड्या मोजता येत होत्या. गाडीवान त्यांना हाकत नव्हता, त्यांच्याशी बोलत होता.

शाळेची पाटी नवी रंगवलेली. 'जि. लातूर'. रंग पातळ होता, खालून 'उस्मानाबाद' स्पष्ट वाचता येत होतं. मी आत्याला वाचून दाखवलं.

"आमच्या वक्ताला बिदर व्हतं," ती म्हणाली. "गाव जिथलं तिथं हाय. जिल्हेच फिरत्यात."

हेडमास्तर चांगले गृहस्थ. माझा लेख त्यांनी जाड पुठ्ठ्यात जपून ठेवला होता. त्यांनी आम्हाला गढीपाशी नेलं. गढीचे दोन बुरूज उरले आहेत, बाकी मातीचा ढीग. वेशीची कमान मात्र शाबूत. कडुलिंबाखाली काळा दगड आडवा ठेवलेला आणि पाथरवट टाकीला धार लावत बसलेला. अकरा नावं खरंच सुरेख कोरली होती. खाली एका ओळीची जागा मोकळी. वर मजकुराची.

दगडाच्या ओट्यावर दोन म्हातारे बसले होते. एक तात्या पाटील. लढाईत वेशीवर ज्यांच्या हातात बंदूक होती त्यांचे धाकटे भाऊ. दुसरे सोपान सुतार, मावळतीच्या बुरुजावरचे. अकरांतले हयात असलेले एवढे दोघंच.

तात्यांनी डोळे बारीक केले. "कोन? म्हादूची गया?"

"हाव तात्या."

"बस की मंग. उभी का?"

आत्या क्षणभर उभीच राहिली. त्या ओट्यावर ती कधी बसलेली नव्हती. मग बसली. चहा आला, एकाच तबकातून, एकसारख्या कपांत. तिनं कप हातात फिरवून बघितला आणि मग चहा प्याली.

मी हेडमास्तरांना माझी चूक सांगितली. हे सांगणं मला वाटलं होतं त्यापेक्षा अवघड गेलं. मग आत्यानं पाखरांचं सांगितलं. बरेच लोक जमले होते. ती हुसेनबीच्या नावापर्यंत आली तेव्हा मागून कुणीतरी म्हणालं, "पिंजाऱ्याची? ती तर त्यांच्यातली."

आत्या वळली. "त्यांच्यातली असती तर त्यांनी तिच्या बापाची धनुकली मोडून कापूस का पेटवला? गावातली व्हती ती. तुमच्या बापाच्या गाद्या त्याच घरात पिंजल्या."

तात्या मात्र शांतपणे म्हणाले, "गया, तुम्ही पोरी तिथं व्हतात, मान्य. वरडलात, ते बी ऐकलं. पर गोफणीच्या दगडाला भिऊन बंदूकवाला पळत असतो व्हय? दुपारनंतर बंदुका पुन्ना वाजल्या. धडाधड. म्या ह्या कानांनी ऐकल्या."

सोपानअण्णांनी मान हलवली. "म्या बी."

हेडमास्तर माझ्याकडं वळले. "ताई, दगड आहे. एकदा कोरलं की कोरलं. दोघं साक्षीदार आहेत. मी काय करू?"

तिथंच आम्ही हरलो होतो. आत्यानं पदर सावरला आणि खाली बघत राहिली. पण बी.ए.ला आमच्या बाईंनी एक गोष्ट शिकवली होती. दोन साक्षीदार एकच गोष्ट सांगत असले तरी दोघांना वेगवेगळं विचारावं. मी सोपानअण्णांना म्हटलं, जरा बुरूज दाखवता का? आणि तिथं गेल्यावर विचारलं, "अण्णा, दुपारनंतर तुमच्या बुरुजावरून कुणी बार काढले?"

"आमच्या? न्हाई न्हाई. आमच्यापाशी एकच बंदूक, तिचा घोडा सकाळीच मोडला. बार झाले ते येशीत. तात्याच्या भावाकडं दारू शिल्लक असनार."

मी जवळजवळ पळतच परत गेले. तात्यांना विचारलं, "तात्या, दुपारनंतर वेशीतून किती बार झाले?"

"येशीतून?" तात्या म्हणाले. "एक बी न्हाई. आमचं दारूचं शिंग कवाच रिकामं झालं व्हतं. म्याच झटकून बघितलं. बार झाले ते सोपानच्या बुरुजावर."

हेडमास्तरांनी चष्मा काढला. दर वर्षी झेंड्यापुढं हे दोघं उभे राहत, दोघंही म्हणत, 'आपल्या बंदुकांनी गाव वाचवलं,' आणि गाव टाळ्या वाजवत असे. 'आपल्या' म्हणजे कुणाच्या, हे कुणी विचारलंच नव्हतं. प्रत्येकानं मोठ्या मनानं श्रेय दुसऱ्याला दिलं होतं!

"मंग वाजवल्या कुनी?" तात्या हळूच म्हणाले.

आत्यानं पिशवीतून गोफण काढली.

शनिवार सकाळ

ठरलं असं. तात्या वेशीत बसतील, लढाईच्या दिवशी होते तिथं. सोपानअण्णा मावळतीच्या बुरुजावर. दोघांच्या मधे, गढीच्या कोपऱ्याबाहेर जिथं आत्याचा माळा होता, तिथं आता एक बाभूळ आहे. आत्या तिथून गोफण फिरवेल. ज्याला जे ऐकू येईल ते त्यानं सांगायचं. पाथरवटानं टाकी खाली ठेवली. "मजकूर काय कोरायचा ते कळल्याबिगर हात लावत न्हाई," तो म्हणाला आणि बघायला आला.

रान उघडं पडलेलं, एक धसकटसुद्धा नाही. अर्धं गाव आमच्या मागं उभं होतं. हेडमास्तरांनी लोकांना प्यायला म्हणून शाळेतली भरलेली घागर बाभळीखाली आणून ठेवली होती. टँकर दोन दिवसांत आला नव्हता, त्यामुळं सगळ्यांच्या मनानं तिथंच ठाण मांडलं होतं.

आत्यानं कोरड्या तळ्यातून गोल दगड वेचून आणले होते. एक वाटीत ठेवला, फासा बोटात अडकवला, गोफण डोक्यावर फिरवली. पण केळीचे घड वाहून वाहून तिचा उजवा खांदा कामातून गेलेला आहे. हात वरच अडकला, शेंडी नको तेव्हा सुटली, दगड मागं गेला आणि घागरीवर बसला.

फुटलेल्या घागरीचा तो आवाज मी विसरणार नाही. पाणी भेगांमधून वाहत गेलं आणि सगळे नुसते बघत राहिले. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. शेवटी पाथरवट म्हणाला, "नेम मातर हाय अजून."

मी पळत जाऊन ओट्यावरचा आमचा अर्धा डबा आणला आणि हेडमास्तरांपुढं ठेवला. "गोदावरीचं आहे. विष्णुपुरीचं. घागरीच्या जागी घ्या." त्यांनी तो दोन्ही हातांनी घेतला.

आत्यानं पुन्हा गोफण फिरवली, या वेळी दगडाशिवाय. "दगड कशाला? आवाज शेंडीचा असतो," ती म्हणाली. शेंडी सुटली, पण 'फस्' एवढाच आवाज आला. पुन्हा. पुन्हा फस्. मागचे लोक पांगायला लागले. ती माझ्याकडं न बघता म्हणाली, "जाऊ दे माय. हात गेला माझा. चल घरी."

मी म्हणाले, "आत्या, तेव्हा माळ्यावर दगड होते, गोफण होती, घागर कशाला असायची?"

"प्यायला. आन्..." ती थांबली. तिचा चेहरा मी बघत होते, तो एकदम पोरीसारखा झाला. "अगं! गोफण भिजवायला! सुकली की बोलत न्हाई ती. घडीघडीला बुडवायचो आमी!"

फुटक्या घागरीच्या बुडाशी ओंजळभर पाणी अजून होतं. तिनं शेंडी त्यात बुडवली, मुठीत दाबली, पुन्हा बुडवली. फासा डाव्या हाताच्या बोटात घातला. एक फेरी, दोन फेऱ्या, आणि तिसरीला...

तो आवाज मी कसा लिहू? बार झाला. गढीच्या भिंतीवर आपटून पुन्हा झाला. बाभळीवरचे कावळे उडाले. मागच्या बायका खाली बसल्या. आत्यानं लगेच दुसरी फेरी घेतली, धाड, तिसरी, धाड, आणि छातीतून हाळी दिली, "हाऽऽ हुर्र! मावळतीला गंऽऽ मावळतीलाऽऽ!"

बुरुजावरून सोपानअण्णा दोन्ही हात वर करून ओरडले, "तात्याऽऽ! येशीत बंदूक वाजलीऽऽ!"

आणि वेशीतून तात्यांचा आवाज त्याच क्षणी, "सोपान्याऽऽ! तुझ्या बुरुजावर बारऽऽ!"

एवढं झाल्यावर कोण थांबतं? लोक हसत होते, ओरडत होते, दोन म्हाताऱ्या एकमेकींच्या गळ्यात पडल्या होत्या. घागर कुणाच्या लक्षातही नव्हती. तेव्हाही असंच झालं असणार. ज्वारीत लपलेल्यांना माणूस दिसत नव्हता, दगड मात्र बरोबर अंगावर येत होते आणि दोन्हीकडून बार ऐकू येत होते. गावाला नवी दारू मिळाली असं त्यांना वाटलं. गावालाही तेच वाटलं! हाळी ऐकून गडी ढासळल्या भिंतीकडं धावले, घराघरातल्या गोफणी निघाल्या, आणि जे सरपटत आले होते ते उभं राहून पळाले.

तात्या काठी टेकत उघड्या रानातून आमच्याकडं आले. एवढं अंतर ते हल्ली चालत नाहीत म्हणे. आत्यापुढं उभे राहिले, धाप लागली होती.

"हाच तो," ते म्हणाले. "छत्तीस वर्सं म्या हाच आवाज सांगत व्हतो."

मग ते पाथरवटाकडं वळले. "दादाचं नाव राहू दे. तो येशीतून हलला न्हाई, ते खरं हाय. पर मजकुरात बंदूक नको."

हेडमास्तरांनी मला कागद दिला. कॉलेजच्या लेखाला मला पंधरा दिवस लागले होते. ही एक ओळ मी तिथंच लिहिली: 'दारूगोळा संपल्यावर या गावाने गोफणीने लढाई जिंकली.'

"खाली एकच ओळ बसती," पाथरवट म्हणाला. "नाव सांगा."

"हुसेनबी," आत्या म्हणाली.

"आन् तुमचं?"

"आधी तिचं कोर." टाकीचे घाव पडायला लागले तशी ती सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलली. "पोलीस अॅक्शननंतर गावातल्याच लोकांनी पिंजाऱ्याच्या घरावर दगड टाकले. दगडांनीच गाव वाचवलेल्या पोरीच्या घरावर. ते लोक गाठोडं बांधून निघाले तवा म्या दारात उभी व्हते. थांबा म्हनलं न्हाई. ती माझ्याकडं बघत गेली. कुठं गेली म्हाईत न्हाई."

तात्यांनी मान खाली घातली होती. पाथरवट मात्र थांबला नव्हता. हुसेनबीच्या उरलेल्या अक्षरांची मापं त्यानं बारीक केली आणि त्याच ओळीत पुढं जागा काढली. 'गया' हा शब्द लहान असल्याचा उपयोग झाला.

"पाखरू येतंय का काढता?" आत्यानं त्याला विचारलं.

"पाट्या-वरवंट्याला टाकी लावणारा मानूस मी. म्हनत असाल तर मोर काढतो."

"मोर नको. भोरडी."

परत आल्यावर

हे लिहिते आहे ते अर्धापूरला, आत्याच्या ओसरीत. लेख कॉलेजच्या अंकाकडं परत पाठवायचा आहे, दुरुस्तीसह. वडिलांना मी आधी पाण्याचं सांगितलं. अर्धं इंजनाला गेलं आणि अर्धं शाळेला, हे ऐकून ते म्हणाले, "कामाला आलं ना? मंग बास."

तुम्ही कधी देवणीच्या बाजूला गेलात तर दोन कोस वाकडी वाट करून वडगढीला जा. तिथं पाणी मागू नका, घेऊन जा. वेशीपाशी दगड उभा केला आहे. त्याच्या तळाशी एक पाखरू आहे, त्याची चोच पोपटासारखी झाली आहे आणि आत्याला ते मुळीच पसंत नाही. पाखराच्या वर शेवटची ओळ आहे.

आणि एक विनंती. बिदरला, हैदराबादला, कुठंही, तुमच्या ओळखीत पिंजाऱ्याच्या घरातली हुसेनबी नावाची बाई असेल, लहानपणी ज्वारी राखलेली, तर तिला एवढं सांगा. वडगढीच्या दगडावर तिचं नाव आहे. गयाच्या आधी आहे. आणि गया अर्धापूरला आहे, तिची वाट बघते.